पूर्णांकयुक्त अपूर्णांकांची वजाबाकी, उसनं न घेता

भाची सहावीत. ५ १/४ − २ २/३ मध्ये छेद १२ करून ५ ३/१२ − २ ८/१२ इथवर नीट यायची. मग ३ मधून ८ जात नाहीत म्हणून पाचातला एक उसना घेऊन ३ चे सरळ १३ करायची! इथे उसना एक म्हणजे १२/१२, म्हणजे अंश १५ व्हायला हवा. समजावलं तरी पुन्हा १३. दशकाची सवय, दुसरं काय.

शेवटी उसनं घेणंच बंद केलं. २ २/३ पासून ३ पर्यंत १/३, तिथून ५ पर्यंत २, वर १/४. बेरीज २ ७/१२. अंशाधिक, म्हणजे छेदापेक्षा अंश मोठा असलेले अपूर्णांक करूनही (६३/१२ − ३२/१२) हेच येतं, पण आकडे फुगतात आणि पोरं गुणाकारात अडकतात. ताळ्यासाठी उत्तरात २ २/३ मिळवायचे, ५ १/४ आले पाहिजेत.