शाब्दिक उदाहरणाचं समीकरण कसं मांडायचं?

सातवी-आठवीतल्या मुलाला ४क्ष + १४ = ५४ हे समीकरण द्या, तो पटकन सोडवतो. तेच समीकरण दोन ओळींच्या मराठीत गुंडाळून दिलं की वही कोरी राहते. म्हणजे अडतं ते गणित नसतं, वाचन असतं. आणि घरी अभ्यास घेताना आपण नेमका वाचनाचाच सराव देत नाही.

हे उदाहरण घेऊ. आईचं आजचं वय मुलीच्या वयाच्या तिपटीपेक्षा ४ वर्षांनी जास्त आहे. ५ वर्षांनंतर दोघींच्या वयांची बेरीज ५४ वर्षे होईल. तर दोघींची आजची वयं काढा.

क्ष कोणाला मानायचं?

पेन खाली ठेवून उदाहरण दोनदा वाचू द्या. काय काढायचंय हे मुलाने स्वतःच्या शब्दांत सांगितलं की मगच लिहायला घ्यायचं. "मुलगी = क्ष" असं लिहू देऊ नका. "मुलीचं आजचं वय क्ष वर्षे मानू" असं पूर्ण वाक्य हवं. त्यातला 'आजचं' हा शब्द पुढे फार उपयोगी पडतो.

आईचं वय क्ष मानलं तरी चालतं, पण मग मुलीचं वय (क्ष − ४) ÷ ३ होतं आणि अपूर्णांक गळ्यात पडतो. तुलना ज्याच्याशी केली आहे, त्यालाच क्ष मानणं सोपं.

'पेक्षा', 'मधून' आणि 'ने' नीट वाचा

माझ्या मते सगळी गोम इथे आहे. मुलं आकडे पाहतात आणि शब्दांना चिकटलेले हे छोटे तुकडे सोडून देतात. 'पेक्षा' ज्याला लागलं आहे ते आधी लिहायचं. 'ने' (किंवा 'नी') ज्याला लागलं आहे तेवढं त्यात मिळवायचं किंवा त्यातून वजा करायचं. 'तिपटीपेक्षा ४ वर्षांनी जास्त' म्हणजे आधी ३क्ष, मग + ४. 'मधून'चंही तसंच. '१२ मधून एक संख्या वजा केली' म्हणजे १२ − क्ष. 'एका संख्येमधून १२ वजा केले' म्हणजे क्ष − १२. शब्द तेच, पण 'मधून'ने जागा बदलली की उत्तर बदललं.

वय असेल तर दोन ओळी आखा

आज: मुलगी क्ष, आई ३क्ष + ४
५ वर्षांनंतर: मुलगी क्ष + ५, आई ३क्ष + ९

या ओळी न आखता घाईने लिहिलं की ५ एकदाच मिळवले जातात. वर्षं दोघींचीही वाढतात.

आता बरोबरचं चिन्ह कुठे येईल? एकच गोष्ट दोन प्रकारे सांगता येते तिथे. ५ वर्षांनंतरची बेरीज आपल्या ओळीप्रमाणे ४क्ष + १४ आहे, उदाहरण म्हणतं ती ५४ आहे. म्हणून ४क्ष + १४ = ५४, म्हणजे ४क्ष = ४०, क्ष = १०. मुलगी १० वर्षांची, आई ३४ वर्षांची.

पडताळा समीकरणात नको, उदाहरणात घ्या

समजा ५ एकदाच मिळवले. मग ४क्ष + ९ = ५४, क्ष = ११.२५. ही किंमत त्याच समीकरणात घातली तर दोन्ही बाजू अगदी जुळतात! चुकीचं समीकरण स्वतःची चूक दाखवत नाही. मूळ वाक्याकडे गेलं की ती दिसते: मुलगी सव्वाअकरा, आई पावणेअडतीस, ५ वर्षांनी बेरीज ५९. हवी होती ५४. आपल्या उत्तराचा पडताळा मात्र १५ + ३९ = ५४ असा जुळतो.

आता एक जुनं उदाहरण

भास्कराचार्यांनी बाराव्या शतकात लिहिलेल्या 'बीजगणित' ग्रंथात अज्ञात संख्येला 'यावत्तावत्' म्हटलं आहे, म्हणजे 'जितकं तितकं', आणि लिहिताना नुसतं 'या'. आपला क्ष तोच. त्यातलं हे उदाहरण मुलांना जरूर द्या: एकाकडे ३०० रुपये आणि ६ घोडे आहेत. दुसऱ्याकडे तशाच किमतीचे १० घोडे आहेत, पण १०० रुपयांचं कर्ज आहे. दोघांची संपत्ती सारखी आहे. तर एका घोड्याची किंमत किती?

'घोडा = क्ष' लिहिणारं मूल इथे लगेच अडखळतं; 'एका घोड्याची किंमत क्ष रुपये' लिहिणारं पुढे जातं. कर्ज वजा होतं आणि 'सारखी' या शब्दावर बरोबरचं चिन्ह येतं: ६क्ष + ३०० = १०क्ष − १००. लहान क्ष मोठ्या क्षच्या बाजूला न्यायचा, म्हणजे ऋण चिन्हांचा घोळ होत नाही. ४०० = ४क्ष, क्ष = १००. पहिल्याकडे ६०० आणि ३०० मिळून ९००, दुसऱ्याकडे १००० मधून १०० गेले, ९००.