बॅकला खेळणारी पोर कशी घडवायची

जिंतूर तालुक्यातल्या एका शाळेत मी सोळा वर्षांपासून पी.टी. शिकवते, आणि मुलींचा हॉकीचा संघ दरवर्षी उतरवते. जूनमध्ये नव्या पोरी येतात. कुठं खेळणार विचारलं की सगळ्या एका सुरात सांगतात, फॉरवर्डला. गोल मारणारीचं नाव पेपरात येतं, मागं राहून गोल अडवणाऱ्या बॅकवालीचं येत नाही, हे त्यांना सातवीतच कळलेलं असतं. तेव्हा मी त्यांना एका जर्मन बाईची गोष्ट सांगते.

तिचं नाव यान्ने म्युलर-वीलांड. जन्म 1986 चा, गाव हॅम्बुर्ग, क्लब उलेनहॉर्स्टर. आयुष्यभर बॅकला खेळली. 2008 मध्ये बीजिंग ऑलिंपिकला गेली तेव्हा 21 वर्षांची होती. जर्मनी चौथी आली, पदक हुकलं. 2012 मध्ये लंडनला सातवी. 2013 मध्ये बेल्जियममधल्या बूमला युरोपचं विजेतेपद मिळालं. आणि 2016 मध्ये रिओला, वयाच्या 29 व्या वर्षी, ब्राँझ. पुढे संघाची कर्णधारही झाली. देशासाठी 300 हून जास्त सामने. पहिल्या ऑलिंपिकपासून पदकापर्यंत आठ वर्षं गेली. आपल्याकडं आठ वर्षांत पोरगी सातवीतून निघून सासरी जाते, म्हणून हा आकडा मी पालकांना मुद्दाम सांगते.

हे मी माझ्यासारख्या पी.टी.च्या शिक्षकांसाठी लिहितेय, ज्यांच्याकडं टर्फ, म्हणजे कृत्रिम गवताचं मैदान नाही, मुरमाचं मैदान आहे आणि बारा-पंधरा स्टिका आहेत.

कोणती पोर निवडायची

सगळ्यात जोरात पळणारी नको. पहिल्या आठवड्यात मी नुसता चेंडू मैदानात टाकते आणि कुणाला काही सांगत नाही. बहुतेकजणी चेंडूमागं घोळक्यानं धावतात. एखादी असते, ती थोडी मागं राहते, मान वळवून बघते, घोळका कुठं निघालाय ते पाहून आधीच तिकडं सरकते. तिला उचला. गेल्या वर्षी अशी एक नववीतली सापडली. घरी चार म्हशी आहेत, सकाळ-संध्याकाळ तीच बघते. म्हैस बिथरायच्या आधी तिचे कान कसे होतात, हे तिला ठाऊक आहे. समोरच्या फॉरवर्डचा खांदा कधी झुकतो तेही तिला दिसतं. हे शिकवायला मला दोन वर्षं लागली असती.

झेपावू नको

माझी सगळी शिकवण या दोन शब्दांत आहे, आणि ती मला महागात पडून मिळालेली आहे. दहावीत असताना विभागीय सामन्यात आम्ही 1-0 ने पुढं होतो. चार मिनिटं उरली होती. समोरची एक पोर चेंडू घेऊन डीत, म्हणजे गोलसमोरच्या अर्धगोलात शिरली आणि मी झेपावले. स्टिक लांब टाकली. चेंडू निघून गेला आणि माझी स्टिक तिच्या घोट्यावर बसली. पेनल्टी कॉर्नर, म्हणजे डीतल्या फाऊलची शिक्षा. गोल. पुढच्या मिनिटाला मी घाबरून पुन्हा तेच केलं. दुसरा गोल. परतीच्या एसटीत माझ्याशी कुणी बोललं नाही.

झेपावायचं नाही, तर करायचं काय? समोरचीला थांबवायचं, तिचा वेळ खायचा. आपल्या तीन पोरी मागं पळत येताहेत, त्यांना पोहोचायला चार-पाच सेकंद लागतात. बॅकनं तेवढे सेकंद विकत घ्यायचे. चेंडू मिळाला तर फायदा, नाही मिळाला तरी काम झालं.

उभं कसं राहायचं ते नीट शिकवा, कारण इथं सगळ्यांचीच गल्लत होते. छाती समोरचीच्या तोंडावर धरून उभं राहू नये. डावा पाय पुढं, उजवा मागं, गुडघे वाकलेले, आणि आपण समोरचीच्या उजव्या खांद्याच्या रेषेत. म्हणजे तिची जोराची बाजू बंद होते आणि तिला आपल्या उजवीकडं जावं लागतं. तिकडं आपली स्टिक सरळ पडते आणि तिला मात्र चेंडू उलट्या स्टिकनं सांभाळावा लागतो. ती ज्या वेगानं येईल, त्याच वेगानं आपण मागं सरकायचं. अंतर एक हात आणि एक स्टिक. त्याहून जवळ गेलं की ती वळसा घालते, त्याहून लांब राहिलं की ती मान वर करून पास शोधते.

मागं सरकताना डाव्या हातानं अधूनमधून स्टिक पुढं टोचायची आणि लगेच परत घ्यायची. याला जॅब म्हणतात. दहातले आठ जॅब नुसते भिववण्यासाठी असतात. समोरचीची नजर चेंडूवर खाली जाते, तिचा पास चुकतो. चेंडू तिच्या स्टिकपासून वीतभर सुटला की मग दोन्ही हातांनी स्टिक आडवी जमिनीवर टेकवून अडवायचं. स्टिकची सपाट बाजूच लागली पाहिजे. गोल पाठ लागली की फाऊल.

याचा सराव असा घ्या. फक्कीनं तीन मीटर रुंद आणि दहा मीटर लांब पट्टा आखा. एका टोकाला फॉरवर्ड चेंडू घेऊन, मध्ये बॅक. मी शिट्टी वाजवेपर्यंत बॅकनं चेंडूला स्टिक लावायचीच नाही. नुसतं पायानं सरकत, समोर राहत, वेळ काढायचा. मी मनात सात मोजते आणि शिट्टी देते, मग चेंडू काढायचा. पहिल्या दिवशी पोरी चिडतात. "मॅडम, चेंडू समोर दिसून राहिलाय अन् घ्यायचा नाही?" नाही घ्यायचा. आठ दिवसांत बहुतेकींचे पाय शहाणे होतात.

स्टिक जमिनीला

जर्मन पोरींचा खेळ बघताना मला सर्वांत जास्त नवल याचं वाटतं की त्यांच्या बॅकची स्टिक कंबरेजवळ लोंबत नाही. ती जमिनीवर असते, पास यायच्या आधीपासून. याचं मूळ त्यांच्या हिवाळ्यात आहे. तिकडं थंडीत बाहेरचा मोसम बंद पडतो आणि अख्खा देश हॉलमध्ये खेळतो. छोटं मैदान, कडेला लाकडी फळ्या, आणि हिट, म्हणजे स्टिक उगारून मारायला बंदी. फक्त पुश, चेंडू स्टिकनं ढकलायचा. जागा इतकी कमी की चेंडू दोन पावलांवरून येतो. स्टिक वर असली की गेलाच. लहानपणापासून हिवाळा हिवाळा असं खेळलेली पोर मोठ्या मैदानावर आली की तिची स्टिक आपोआप खालीच राहते.

आपल्याला तसला हिवाळा नाही, पण आपल्याकडं पावसाळा आहे. जुलैत काळ्या मातीचा चिखल बुटाला असा धरतो की पाय उचलत नाही, मुरमावरसुद्धा पाणी साचतं. नेमके त्याच दिवसांत शाळांच्या नेहरू हॉकी स्पर्धेचे सामने तोंडावर येतात. पूर्वी मी सराव बंद ठेवायचे. आता पोषण आहाराच्या शेडमध्ये खेळवते. सिमेंटची फरशी आहे. दोन्ही बाजूंना वर्गातली बाकं आडवी करून लावते, त्यांना बारदान बांधते म्हणजे चेंडू अंगावर उसळत नाही. तिघी विरुद्ध तिघी. हिट मारली की बाहेर. पाच मिनिटांचा डाव. स्वयंपाकाच्या मावशींना आधी विचारायचं आणि नंतर शेड झाडून द्यायची, हे मात्र पाळा, नाहीतर पुढच्या पावसात शेड मिळणार नाही.

आणि मैदान कोरडं असेल तेव्हा हा एक उपाय. जुनी, घासलेली स्टिक द्या आणि बॅकला दहा मीटर उलटं सरकायला सांगा, स्टिकचं टोक जमिनीला टेकवून. आमच्या मैदानावर बोटभर धूळ असते, तिच्यात रेघ उमटते. सरकून झालं की आम्ही दोघी चालत जाऊन रेघ बघतो. जिथं तुटली तिथं स्टिक उचललेली. पहिल्या महिन्यात रेघ म्हणजे नुसते तुकडे असतात. त्या म्हशीवाल्या पोरीची रेघ दिवाळीच्या सुट्टीआधी एका दिवशी सलग आली. तिनं मला हाक मारली नाही, नुसती रेघेजवळ उभी राहिली. मी येऊन बघेपर्यंत दुसऱ्या कुणाला ती त्या रेघेवर पाय ठेवू देत नव्हती.

आवाज

बॅकला अख्खं मैदान समोर दिसतं. पुढच्यांना मागचं दिसत नाही. म्हणून ती बोललीच पाहिजे. आपल्या पोरींना घरी जन्मभर "हळू बोल" सांगितलेलं असतं, त्यामुळं हे सगळ्यात अवघड जातं. लांब वाक्यं नकोत. आमचे तीन शब्द ठरलेले आहेत: "धर" म्हणजे तिला चिकट, "सोड" म्हणजे माझ्यावर सोड, "आत" म्हणजे मधली जागा बंद कर. सरावात बॅक गप्प राहिली की मी खेळ थांबवते, चूक कुणाचीही असो.

पेनल्टी कॉर्नर

गोलीसकट पाचजणी गोललाईनमागं, बाकीच्या मध्यरेषेपलीकडं. चेंडू डीबाहेर जाऊन थांबवला जातो आणि मग मारा होतो. हिट असेल तर पहिला मारा गोलरेषेवर 46 सेंटिमीटरच्या वर जाता कामा नये, पण ड्रॅग फ्लिकला, म्हणजे स्टिकवर ओढत आणून उचलून फेकलेल्या चेंडूला, ही मर्यादा नाही, तो डोक्याच्या उंचीवर येऊ शकतो. म्हणून एक गोष्ट अगदी हात जोडून सांगते. तोंडाला मास्क, गुडघ्याला पॅड आणि तोंडात माऊथगार्ड नसेल तर सरावात पहिल्या धावेला, म्हणजे मारणारीकडं धावत जायला, पोर पाठवू नका. आमच्याकडं मास्क दोनच आहेत, त्यामुळं सरावात एका वेळी दोघीच धावतात, आणि तोही चेंडू टेनिसचा. धावणारीनं चेंडूच्या सरळ रेषेत न जाता थोडं बाजूनं जायचं, स्टिक खाली धरून. बाकी बारकावे हळूहळू येतात.

खरं तर कॉर्नरचा सर्वांत चांगला बचाव म्हणजे कॉर्नर न देणं, आणि म्हणून गाडी पुन्हा झेपावण्याशीच येते.

सामना कसा दाखवायचा

18 जानेवारी 2024 ला रांचीत भारत आणि जर्मनीच्या मुलींचा ऑलिंपिक पात्रतेचा उपांत्य सामना झाला. आम्ही तो शाळेत प्रोजेक्टरवर बघितला. दीपिकानं आपल्याला पुढं नेलं, जर्मनीच्या श्टापनहोर्स्टनं दोन गोल केले, संपता संपता इशिका चौधरीनं 2-2 केलं. शूटआऊटमध्ये, म्हणजे बरोबरीनंतर एकेकीनं गोलीला चुकवून गोल करायच्या डावात, 4-3 नं आपण हरलो. नंतर जपानकडूनही हरलो आणि पॅरिस हुकलं. पोरी रडल्या, मलाही भरून आलं.

दुसऱ्या दिवशी तोच सामना पुन्हा लावला, पण आता चेंडू बघायला मनाई. प्रत्येकीनं एक बॅक निवडायची आणि दहा मिनिटं फक्त तिचे पाय बघायचे. चेंडू दुसऱ्या टोकाला असताना ती काय करते? उभी असते का? नाही. दर दोन-तीन सेकंदांनी मान वळवते, दोन पावलं इकडं, एक तिकडं. आमच्या पोरी त्या वेळी वेण्या सावरतात. हे त्यांनी स्वतःच्या डोळ्यांनी बघितलं तेव्हा मला काही बोलावं लागलं नाही.

रिओचा उपांत्य सामनाही सापडला तर दाखवा. 2008 आणि 2012 चं सुवर्ण घेतलेल्या नेदरलँड्सला जर्मनीनं 1-1 वर रोखलं होतं. शूटआऊटमध्ये जर्मनी हरली. पण दोनच दिवसांनी न्यूझीलंडला 2-1 हरवून ब्राँझ घेतलं. हरल्यानंतरच्या सामन्यात बॅक कशी उभी राहते, ते पोरींना बघू द्या.

घरच्यांशी बोलणं

दिवाळीनंतर काही घरं ऊसतोडीला निघतात आणि पोरगी बरोबर जाते. मी आता दसऱ्यालाच घरी जाऊन वसतिगृहाचं बोलते. आईशी बोलायचं, अंगणात बसून, चहा घेऊन. यान्नेचं नाव तिथं कामाचं नाही. तिथं सांगायचं की जर्मनीत या पोरी शिकत शिकत, नोकरी करत खेळतात, खेळापायी शाळा सुटत नाही. पुण्याच्या क्रीडा प्रबोधिनीत आणि संभाजीनगरच्या साईच्या (भारतीय क्रीडा प्राधिकरणाच्या) केंद्रात निवड झाली तर राहायची-जेवायची सोय होते, हेही सांगायचं. चाचणीची तारीख कळली की स्वतः घेऊन जा. पोरीला एकटीला एसटीत बसवून पाठवू नका.

शेवटचं, वही. प्रत्येक बॅकला शंभर पानी वही द्या. गोल लिहायचे नाहीत. प्रत्येक सामन्यानंतर तीनच ओळी: किती वेळा झेपावले, किती वेळा थांबवलं, किती कॉर्नर दिले. म्हशीवाल्या पोरीच्या वहीचं पहिलं पान माझ्यासमोर आहे. "झेपावले 9. थांबवलं 2. कॉर्नर 4." परवा जिल्ह्याच्या सामन्यानंतर तिनं लिहिलं: "झेपावले 1. थांबवलं 11. कॉर्नर 1. तो एक माझ्या झेपावण्याचाच."