चेर्नोबिलच्या छायेतलं घर : दूध, आळंबी आणि राख

चेर्नोबिल अणुवीज केंद्रातल्या २६ एप्रिल १९८६ च्या स्फोटातलं किरणोत्सारी आयोडीन काही महिन्यांतच संपलं. त्याचं अर्धायुष्य, म्हणजे निम्मं उरायला लागणारा काळ, आठ दिवसांचं. त्याच स्फोटातल्या सिझियम-१३७ या किरणोत्सारी धातूचं मात्र तीस वर्षांचं. बेलारूसच्या गोमेल भागात ते अजूनही रानातून स्वयंपाकघरात येतं. रंग नाही, वास नाही, म्हणून आधी मोजणी. सिझियमचा स्वभाव पोटॅशियमसारखा : पाण्यात विरघळतं, तुपात नाही. पुढचं सगळं यावरच चालतं.

बेलारूसमध्ये दुधाची मर्यादा लिटरला १०० बेकरेल (किरणोत्सार मोजायचं एकक). रानाकडेच्या किंवा दलदलीच्या कुरणात चरणाऱ्या गाईचं दूध हमखास जास्त भरतं. उकळून काही होत नाही. आटवलं तर सिझियम उलट दाट होतं. लोणी काढून कढवावं : सिझियम ताकात राहतं, तुपात जवळपास येतच नाही. ते ताक मुलांना नको आणि डुकरांनाही नको, मांसातून परत ताटात येतं. गाईला स्वच्छ चारा सुरू केला की काही आठवड्यांत दूध सुधारतं. प्रशियन ब्लू या निळ्या रंगद्रव्याच्या गोळ्या सिझियमला तिच्या पोटातच धरून ठेवतात.

आळंबी हा खरा चकवा. ताज्या आळंबीला किलोमागे ३७० बेकरेल चालतात, पण तपकिरी टोपीची, खालून पिवळसर स्पंजासारखी जात सिझियम अधाशासारखं शोषते. ती सोडलेलीच बरी. बाकीची माती-शेवाळ काढून बारीक चिरावी, मिठाच्या भरपूर पाण्यात पंधरा-वीस मिनिटं उकळून पाणी फेकावं, नवं पाणी घेऊन पुन्हा उकळावी. चव जाते, इलाज नाही. त्याच पाण्याचं सूप केलं तर सगळी मेहनत वाया. वाळवल्यावर पाणी उडतं, सिझियम तिथंच राहतं. किलोमागचा आकडा दहापट होऊ शकतो. शेजारच्याची टोपली स्वच्छ निघाली म्हणून आपलीही निघेल असं नाही, एकाच रानात दहा पावलांवर फरक पडतो.

राखेकडे सहसा कुणाचं लक्ष जात नाही. शंभर किलो लाकडाची राख जेमतेम किलोभर, आणि सिझियम बहुतेक तिच्यातच. चूल थंड झाल्यावर राखेवर पाणी शिंपडावं, तोंडाला मास्क लावून ती झाकणाच्या डब्यात भरावी. बटाट्याच्या वाफ्यात टाकायची जुनी सवय मोडावी. तिथं विकतचं पोटॅश (पोटॅशियमचं खत) आणि आम्लट जमिनीत चुना घालावा. मुळांना पोटॅशियम पुरेसं मिळालं की ती सिझियम कमी उचलतात.