गनरच्या सीटवर बसण्याआधी

संध्याकाळी हर्णैजवळच्या कर्द्याच्या वाळूत सैन्यभरतीसाठी धावणारी पोरं दम खायला बसली की माझ्याभोवती गोळा होतात. परवा एकाने विचारलं, "काका, रणगाड्यात आता सगळं कम्प्युटरच करतो ना? मग गनरला काम काय उरतं?" त्या दिवशी अंधार पडला आणि उत्तर अर्धवट राहिलं, म्हणून इथे नीट लिहितो.

मी टी-९० रणगाड्यावर गनर होतो, म्हणजे नेम धरून तोफ डागणारा. टी-९० म्हणजे आपला 'भीष्म'. साधारण ४६ टनांचं धूड, पण आत माणसं फक्त तीन. ड्रायव्हर पुढे खाली एकटा. टरेटमध्ये, म्हणजे वरच्या फिरत्या भागात, तोफेच्या उजवीकडे कमांडर, डावीकडे गनर. 'अर्जुन' या आपल्या दुसऱ्या रणगाड्यात गोळा हाताने भरणारा लोडर असतो, म्हणून तिथे चौघं. आमच्याकडे १२५ मिलिमीटरची तोफ यंत्र भरतं. खाली गोल फिरणाऱ्या चकतीत २२ गोळे आणि त्यांचे चार्ज, म्हणजे गोळा उडवणारी दारू, रचलेले असतात. गनरने गोळ्याचा प्रकार निवडून बटण दाबलं की चकती फिरते, तोफ ठरलेल्या कोनात येऊन थांबते, आधी गोळा आणि मागून चार्ज आत ढकलला जातो. सात-आठ सेकंदांचं काम. तेवढ्या वेळात हात, कोपर, हेडसेटची वायर, काहीही त्या वाटेत येता कामा नये. अहिल्यानगरच्या आर्मर्ड कोअर सेंटर अँड स्कूलमध्ये उस्तादांनी हे आमच्याकडून घोकून घेतलं होतं.

स्टॅबिलायझर (गाडी हलली तरी नेम स्थिर ठेवणारी यंत्रणा) मात्र मला शिकवावा लागला नाही. माझे बाबा हर्णैच्या मासेमारी बोटीवर तांडेल, म्हणजे बोटीचे प्रमुख. लहानपणी मला बोट लागायची, तेव्हा बाबा म्हणायचे, "खाली बघू नको, समोर समुद्रातल्या सुवर्णदुर्गाचा बुरूज बघ." बोट हवी तेवढी हलू दे, नजर बुरुजावर ठेवली की पोट शांत व्हायचं. टँकमध्ये हेच काम जायरोस्कोप करतो. गाडी खड्ड्यात जाते तेव्हा तोफ तेवढीच उलटी सावरली जाते आणि गनरच्या काचेतलं चित्र जागेवर राहतं. नवा गनर इथेच चुकतो. धक्का बसला की घाबरून हँडल ओढतो आणि यंत्राने सावरलेला नेम स्वतःच बिघडवतो. हाताची बोटं हलकी ठेवायला शिका. याला महिने लागतात.

आता लेझर. बटण दाबलं की किरण लक्ष्यावर आपटून परत येतो आणि अंतराचा आकडा दिसतो. पण तो नेमका कशावर आपटला, हे आकडा सांगत नाही. एका फायरिंगला मला लक्ष्य स्वच्छ दिसत होतं. लेझर मारला, अकराशे मीटरच्या आसपास आकडा आला, मी गोळा सोडला. तो लक्ष्याच्या खूप अलीकडे जमिनीत घुसला. किरण मधल्या बाभळीवरून परतला होता. लक्ष्य जवळजवळ दोन हजार मीटरवर होतं. कम्प्युटरचं गणित बरोबर होतं, त्याला मी दिलेलं अंतर खोटं होतं. त्या रात्री मला झोप आली नाही. तेव्हापासून आकडा बघायच्या आधी मनात स्वतःचा अंदाज ठरवायचा, आणि दोन्हींत फार तफावत दिसली तर पुन्हा लेझर मारायचा, ही सवय लावून घेतली.

अंतराखेरीज आडवा वारा, लक्ष्याचा वेग, गाडीचा तिरपेपणा, हवेचं आणि चार्जचं तापमान, तोफेच्या नळीची झीज, एवढं सगळं त्या गणितात जातं. उन्हात तापलेला चार्ज जोरात जळतो आणि गोळा वेगाने सुटून वर लागतो. नळी एका बाजूने तापली तर केसभर वाकते. त्यासाठीच तिच्यावर आवरण असतं. म्हणून बोअरसाइट करायचं, म्हणजे नळी आणि साइट (नेम धरायची दुर्बीण) एकाच बिंदूकडे बघतायत का ते तपासायचं. कंटाळवाणं काम आहे, पण ते टाळणाऱ्या गनरवर माझा कधीच भरवसा बसला नाही.

थर्मल साइटला उजेड लागत नाही, ती तापमानातला फरक दाखवते. पहाटे आणि तिन्हीसांजेला माती, दगड, लोखंड जवळपास सारखेच उबदार असतात आणि चित्र फिकं पडतं. अशा वेळी घाई करू नका.

ड्रायव्हरबद्दल एवढंच, की त्याला स्टिअरिंगचं चाक नसतं, दोन हातांना दोन दांडे असतात. त्याचं डोकं झाकणाबाहेर असताना टरेट फिरवायचा नाही. आधी इंटरकॉमवर विचारा, उत्तर ऐका, मगच हात हँडलवर.

सैन्यात कोणती शाखा मिळेल हे आपल्या हातात नसतं. पण अंतराचा अंदाज आजपासून पक्का करता येतो. हर्णैच्या किनाऱ्यावर उभे राहा, सुवर्णदुर्गाचा बुरूज किती मीटरवर आहे ते मनाशी ठरवून वहीत लिहा, आणि मगच मोबाइलच्या नकाशावर मोजा. मग दीपगृह घ्या. दुपारच्या झगमगाटात आणि पाऊस पडून गेल्यावरच्या स्वच्छ हवेत तोच बुरूज वेगवेगळ्या अंतरावर वाटेल. तोही फरक लिहून ठेवा. रविवारी सकाळी मी कर्द्यालाच असतो. येताना वह्या घेऊन या.