गवत कमरेएवढं, तरी गुरं खंगतात? या चुका टाळा

मुरबाड-शहापूरकडच्या वरकसावर (भातखाचरांवरच्या उताराच्या माळजमिनीवर) दसऱ्याच्या सुमारास गवत कमरेला लागतं. शिमगा उलटला की त्याच गावातल्या गुरांच्या बरगड्या मोजता येतात. वैरण कमी पडली म्हणून आपण मोकळे होतो. पण बऱ्याच घरांत उडवी, म्हणजे वैरणीची रचलेली गंजी, अजून अर्धी उभी असते. वैरण आहे, कस गेलाय.

तो जातो मुख्यतः कापणीच्या वेळी. भात कापून, झोडून झालं की मग विळा गवताकडे वळतो. तोवर बी झडलेलं असतं, काडी कडक झालेली असते आणि फुलोऱ्यात असलेली प्रथिनं निम्म्याहून कमी उरलेली असतात. अशा वेळी मारवेल, पवना ही नावाजलेली गवतंही भाताच्या पेंढ्यापेक्षा फारशी सरस ठरत नाहीत. निम्म्या काड्यांवर तुरे दिसले की कापावं, हा नियम बरोबर आहे. मात्र आपल्याकडे नेमका तेव्हाच परतीचा पाऊस घोटाळत असतो आणि कापून पडलेलं गवत दोन सरींत काळं पडतं. म्हणून सगळी टेकडी एकदम आडवी करू नका. उघडीप पाहून एक पट्टा कापा, उलटसुलट वाळवा, आत घ्या, मग पुढचा. माणसं मिळत नाहीत हे खरं, त्यात भातही तोंडावर आलेलं. निदान दुभत्या आणि गाभण जनावरांपुरतं गवत लवकर कापून वेगळं रचा. भाकड जनावरांना उशिराचं चालेल. चांगल्या गवताचा एखादा पट्टा मात्र बी पडेपर्यंत राखा, नाहीतर दरवर्षी तेच पातळ होत जातं.

दुसरी चूक आगीची. राब (भाताच्या रोपांसाठी जमीन) भाजताना आग वरकसावर चढते, कधी कोवळे कोंब लवकर यावेत म्हणून मुद्दामही लावतात. कोंब येतात, पण कुणाचे ते पाहा. कुसळी गवताचं बी ओल लागताच आपल्या कुसळाने पीळ घेत मातीत शिरतं, त्यामुळे आगीतून वाचतं. वर्षानुवर्षं जाळलेल्या डोंगरावर म्हणूनच कुसळी माजते आणि पवना मागे हटतो. कुसळी कोवळी असताना गुरं आवडीने खातात. कुसळं धरली की तीच हिरड्यांत आणि जिभेखाली रुततात. जनावर लाळ गाळतंय, गव्हाणीशी येऊन नुसतं उभं राहतंय, तर औषध आणण्याआधी तोंड उघडून बघा.

गुरचरणावर टाकळा दाटला असेल (पावसाळ्यात आपण खुडून भाजी करतो तोच, गुरं त्याला तोंड लावत नाहीत), कडेने रानमोडी आणि घाणेरी ही झुडपं पुढे सरकत असतील, तर तिथे चराई झेपेपलीकडे गेली आहे. घाणेरी भुकेलं जनावर खातं, विशेषतः बाहेरून नवं आणलेलं. त्याने यकृत बिघडतं, मग उन्हात कातडी सोलवटते. असं दिसलं तर जनावर सावलीत बांधा आणि डॉक्टर बोलवा.

जूनमध्ये डोंगर हिरवा दिसला की लगेच गुरं सोडायची घाई नको. पहिली पानं गवत मुळातल्या साठ्यावर काढतं. तीच ओरबाडली तर मूळ खचतं. गुरचरणाचे भाग पाडून आलटून-पालटून चारणं सगळ्या गावाने ठरवल्याशिवाय जमत नाही, एकट्याने राखलेल्या तुकड्यात शेजारची गुरं शिरतात. शिवाय पावसाळी गवतात चार हिश्शांत तीन हिस्से पाणीच. तीनशे किलोच्या गाईला दिवसाला साधारण साडेसात किलो कोरडा चारा लागतो, म्हणजे असलं गवत तीसेक किलो. भर पावसात ती तेवढं चरत नाही. संध्याकाळी दावणीत सुका चारा टाकाच, शेणही घट्ट राहतं.

आता पेंढा. उडवी थेट जमिनीवर रचू नका, खाली दगड-लाकडाचा माच हवा. ओला पेंढा रचला तर आतून तापतो, बुरसतो. वरची बुरशी झटकून तो घालणं हा खोटा वाचवलेला पैसा, कारण विष झटकलं जात नाही. बुरसट भातपेंढ्याने म्हशींना देगनाला होतो: शेपटीचा शेंडा, कानांची टोकं, खुरांजवळचा भाग सडू लागतो.

चांगल्या पेंढ्यातही प्रथिनं जेमतेम चार टक्के, आणि पोटातल्या जिवाणूंना कामाला सातेक टक्के तरी लागतात. शिवाय त्यातलं ऑक्झलेट कॅल्शियम बांधून ठेवतं. त्यामुळे नुसत्या पेंढ्यावर पोट भरतं, अंग भरत नाही. थोडी पेंड, क्षार मिश्रण, किंवा युरिया प्रक्रिया: शंभर किलो पेंढ्याला चार किलो युरिया, पन्नास-साठ लिटर पाण्यात पूर्ण विरघळवून, थरावर थर शिंपडून, दाबून, प्लास्टिकखाली एकवीस दिवस हवाबंद. काढल्यावर वास उडेपर्यंत पसरून ठेवा. सहा महिन्यांखालच्या वासरांना तो नको, आणि युरियाचं उरलेलं पाणी गुरांच्या तोंडी लागेल असं कुठेही ठेवू नका.