विभागीय चौकशी प्रलंबित असताना अडकलेले निवृत्तिवेतन कसे सुरू झाले : माझा अनुभव

मी राज्य शासनाच्या सेवेतून नियत वयोमानानुसार निवृत्त झालो तेव्हा माझी विभागीय चौकशी प्रलंबित होती, आणि त्या एकाच कारणावरून निवृत्तिवेतन, भविष्य निर्वाह निधी, गटविमा असे सगळेच थांबले. ‘सर्व लाभ मिळावेत’ या एकत्रित अर्जाला आणि त्याच्या स्मरणपत्रांना ‘चौकशी संपल्यावर पाहू’ एवढेच उत्तर येई. आयुष्यभराच्या नोकरीनंतर घरखर्चाची विवंचना करावी लागणे फार जिव्हारी लागले.

मार्ग सापडला तो महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधील नियम १३० मध्ये. चौकशी प्रलंबित असली तरी कार्यालयप्रमुखाने तात्पुरते निवृत्तिवेतन मंजूर करायचे असते, आणि ते निवृत्तीच्या दिनांकापर्यंतच्या (निलंबित असल्यास निलंबनाच्या आदल्या दिवसापर्यंतच्या) अर्हताकारी, म्हणजे निवृत्तिवेतनासाठी मोजल्या जाणाऱ्या, सेवेवर देय ठरणाऱ्या कमाल निवृत्तिवेतनाइतके असते. चौकशीच्या अंतिम आदेशापर्यंत थांबते ते उपदान (ग्रॅच्युइटी).

प्रथम सेवापुस्तकातील वेतन पडताळणीची नोंद पूर्ण करून घेतली. मग एकत्रित अर्ज सोडून प्रत्येक लाभासाठी स्वतंत्र अर्ज केला, कारण एका कागदावर उपदान असले की पूर्ण नस्तीच (फाइलच) बाजूला ठेवली जाते. तात्पुरत्या निवृत्तिवेतनाच्या अर्जात ‘नियम १३०(१) अन्वये’ असे विषयातच लिहिले, नियमाची प्रत व दोषारोपपत्राची प्रत जोडली, आणि आवक क्रमांकासह पोच घेतली. त्यानंतर लेखी विचारले की, मंजुरी नाकारायची असल्यास कोणत्या नियमान्वये, ते कळवावे. मंजुरीचा आदेश त्यानंतरच निघाला. भविष्य निर्वाह निधी व गटविम्याची देयकेही पाठोपाठ कोषागारात गेली.