निशाणी ५ अखेर हलली

बांधाच्या वादात दावा लावला, सोबत तात्पुरत्या मनाईचा अर्ज. कोर्टात त्याला सगळे ‘निशाणी ५’च म्हणतात. दोन वर्षं नुसत्या तारखा, आणि तिकडे समोरचा बांध कोरतोच आहे. शेवटी वकिलांनी रोजनाम्याची, म्हणजे प्रत्येक तारखेला कोर्टात काय झालं त्या नोंदीची, नक्कल काढायला लावली. १४ पैकी ९ तारखांना मुदत समोरच्यानेच मागितलेली! (दोनदा आम्हीही, हे कबूल.) ती नक्कल जोडून संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली (खालच्या कोर्टांवर देखरेखीचा अधिकार) उच्च न्यायालयात याचिका केली. मागणी एवढीच, अर्ज लवकर निकाली काढायला सांगा. मनाई द्यावी की नाही, या गुणदोषांत न्यायालय शिरलंच नाही, ६ आठवड्यांची मुदत घालून दिली. आदेश आपोआप खालच्या कोर्टात पोचेल या भरवशावर बसलो नाही. हातात पडताच प्रत पुरशीससोबत (कोर्टाला द्यायचं छोटं लेखी निवेदन) तिथे दाखल केली. पाचव्या आठवड्यात मनाई मिळाली. दावा अर्थातच अजून चालू आहे.